जुन्या स्मार्टफोनमधील कार्यप्रणालीची पुनःस्थापना : वाशिम जिल्ह्यातील अंगणवाडीच्या फोनांच्या अनुषंगाने

वाशिम, कारंजा किंवा रिसोड येथील बाजारपेठेत मोबाईल दुरुस्तीच्या एखाद्या दुकानापुढे घटकाभर उभे राहिले, तर एक शब्दप्रयोग वारंवार कानी पडतो : ‘सॉफ्टवेअर मारावे लागेल.’ फोन सुरू होताना कंपनीच्या चिन्हावरच अडकून बसतो, धन्याला स्वतःचा पॅटर्न आठवत नाही, साठवण भरून गेली आहे, किंवा फोन सारखा हँग होतो. तक्रार कोणतीही असो, औषध बहुधा हेच सांगितले जाते. वस्तुतः या एका शब्दप्रयोगाखाली तीन निरनिराळ्या क्रिया दडलेल्या आहेत. त्यांची फले निराळी आहेत आणि त्यांतील धोकेही निराळे आहेत. या क्रियांचे स्वरूप विशद करावे, आणि जुना फोन पुन्हा कामास लावता येईल किंवा नाही हे नेमके कशावर अवलंबून असते याचा शोध घ्यावा, एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. व्यवहारात जिला ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात तिला येथे कार्यप्रणाली म्हटले आहे. इतर पारिभाषिक शब्द जसे रूढ आहेत तसेच ठेवले आहेत. त्यांना ओढूनताणून संस्कृत पेहराव चढविण्यात काही हशील नाही. विवेचन मुख्यतः अँड्रॉइड या कार्यप्रणालीपुरते मर्यादित आहे, कारण या जिल्ह्यातील बहुसंख्य फोन त्याच जातीचे आहेत.

प्रश्न केवळ जिज्ञासेचा नाही. १९९८ साली अकोल्यापासून वेगळा झालेला वाशिम जिल्हा २०१८ मध्ये केंद्र शासनाने आकांक्षित जिल्ह्यांच्या यादीत घेतला. महाराष्ट्रातील चार जिल्हे त्या यादीत आले. इतर तीन म्हणजे नंदुरबार, गडचिरोली आणि तत्कालीन उस्मानाबाद. या योजनेत जिल्ह्याची प्रगती मोजताना आरोग्य व पोषण या विषयास शंभरांत तीस इतके भारमान दिलेले आहे. पोषणाविषयीचे पुष्कळसे आकडे अंगणवाडीतून येतात, आणि अंगणवाडीतील आकडे आता वहीतून नव्हे तर फोनमधून वर जातात. मालेगाव किंवा मानोरा तालुक्यातील एखाद्या सेविकेचा फोन चालेनासा झाला म्हणजे एका बाईची गैरसोय होते, इतकाच त्याचा अर्थ उरत नाही. त्या गावातील मुलांची वजने व उंच्या त्या महिन्यापुरत्या हिशेबातून गळतात.

महाराष्ट्रातील अंगणवाडी सेविकांना शासनाने पोषण अभियानाखाली २०१९ मध्ये स्मार्टफोन दिले. त्यांची संख्या एक लाखाहून अधिक होती आणि त्यांची रॅम दोन जीबी होती. त्या वेळी जे उपयोजन वापरावयाचे होते, ते कॅस या नावाने ओळखले जाई. जाळे नसताना नोंदी फोनमध्येच साठवून ठेवायच्या आणि जाळे मिळताच वर पाठवायच्या, अशी त्याची घडण होती. पुढे ते बंद झाले आणि १ मार्च २०२१ पासून पोषण ट्रॅकर हे नवे उपयोजन आले. फोनांची हमीची मुदत त्याच सुमारास संपत होती. फोन तापतात, हँग होतात, नवे उपयोजन त्यांत नीट चालत नाही, दुरुस्तीचा खर्च मात्र सेविकेच्या तुटपुंज्या मानधनातून होतो आणि उपयोजनाची भाषा इंग्रजी आहे, अशा तक्रारी राज्यभर उठल्या. ऑगस्ट २०२१ मध्ये सेविकांनी हे फोन प्रकल्प कार्यालयांत परत नेऊन दिले. हेच ते मोबाईल वापसी आंदोलन होय. भाषेचा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला. फेब्रुवारी २०२३ मध्ये सेविकांनी जो संप केला, त्याच्या मागण्यांतही नव्या फोनची मागणी होती.

येथे अभ्यासकाच्या मनात एक प्रश्न उभा राहणे स्वाभाविक आहे. अवघी दोन वर्षे वापरलेली ही यंत्रे खरोखरच निकामी झाली होती काय? की त्यांची कार्यप्रणाली नव्याने बसवून ती आणखी काही वर्षे वापरता आली असती? उत्तर देण्यापूर्वी फोनच्या पोटात काय असते ते पाहिले पाहिजे.

फोनची कायम साठवण ही एकच सलग कोठी नसते. कारखान्यातच तिचे अनेक विभाग पाडलेले असतात. एका विभागात बूटलोडर, म्हणजे यंत्र सुरू होताच प्रथम चालणारी छोटी आज्ञावली असते. दुसऱ्यात कार्यप्रणालीचा गाभा असतो. त्याला कर्नल म्हणतात, आणि सैन्यातील हुद्द्याशी त्याचा काही संबंध नाही हे विद्यार्थ्यांना अजूनही सांगावे लागते. तिसऱ्या विभागात प्रत्यक्ष अँड्रॉइड, चौथ्यात त्या विशिष्ट चिपसाठी व कॅमेऱ्यासाठी निर्मात्याने दिलेले ड्रायव्हर, आणि सर्वांत मोठ्या विभागात वापरणाऱ्याची सामग्री : छायाचित्रे, उपयोजने, नोंदी. यांखेरीज रिकव्हरी नावाचा एक लहान विभाग संकटकाळासाठी राखून ठेवलेला असतो, आणि आणखी एका कोपऱ्यात फोनचा पंधरा अंकी आयएमईआय क्रमांक व रेडिओच्या जुळणीची मूल्ये असतात. या कोपऱ्याचे महत्त्व पुढे येईलच. कार्यप्रणालीचा विभाग नेहमीच्या वापरात केवळ वाचण्यापुरता खुला असतो. त्यावर कोणी लिहू शकत नाही.

आता तीन क्रिया वेगळ्या करता येतात. पहिली म्हणजे फॅक्टरी रीसेट. सर्वसाधारण समजूत अशी की, हिने कार्यप्रणाली नव्याने बसते. तसे काहीही होत नाही. ही क्रिया फक्त वापरणाऱ्याच्या सामग्रीचा विभाग पुसते. कार्यप्रणाली होती तशीच, होती तेथेच राहते. भाडेकरूचे सामान बाहेर काढून घर झाडले, एवढेच तिचे स्वरूप. दुसरी क्रिया म्हणजे निर्मात्याने दिलेली मूळ कार्यप्रणालीच संगणकाच्या साहाय्याने पुन्हा लिहिणे. दुकानदार जिला फ्लॅश मारणे म्हणतो ती हीच. कार्यप्रणालीचा विभाग बिघडला असेल, अद्ययावत करताना वीज गेली असेल किंवा फोन चिन्हावरच अडकत असेल, तर हाच खरा उपाय. तिसरी क्रिया म्हणजे मूळ कार्यप्रणाली काढून तिच्या जागी दुसरी, बहुधा अधिक नवी आणि निर्मात्याव्यतिरिक्त इतरांनी घडविलेली, बसविणे. लिनिएज ओएस हे या प्रकारातील प्रसिद्ध उदाहरण. सायनोजेनमॉड हा त्याचा पूर्वज डिसेंबर २०१६ मध्ये बंद झाला आणि स्वयंसेवकांनी त्याचे काम या नव्या नावाने पुढे चालविले. निर्मात्याने वाऱ्यावर सोडलेल्या फोनला आयुष्य मिळते ते या तिसऱ्या क्रियेनेच.

परंतु फोन मंद का होतो? याची कारणे चार, आणि पुनःस्थापनेने त्यांतील फार तर दोन दूर होतात. साठवण जवळजवळ भरली की नवी नोंद लिहिण्यासाठी मोकळी जागा शोधताना यंत्राची दमछाक होते. सामग्री पुसल्याने हे दूर होते. पार्श्वभूमीत चालणारी अनावश्यक उपयोजने रॅम अडवून बसतात. तेही दूर होते, निदान ती पुन्हा घातली जाईपर्यंत. तिसरे कारण साठवणीची झीज. या चिपमधील प्रत्येक पेशी ठरावीक वेळाच पुसून लिहिता येते. प्रकारानुसार ही मर्यादा काही शेकड्यांपासून काही हजारांपर्यंत असते. स्वस्त फोनांतील ईएमएमसी जातीची साठवण जुनी झाली की लेखनाचा वेग खालावतो आणि तो कोणत्याही पुनर्लेखनाने परत येत नाही. किंबहुना पुनर्लेखन हीसुद्धा थोडी झीजच. चौथे कारण सर्वांत सामान्य आणि सर्वांत दुर्लक्षित : फोन होता तेवढाच राहतो, उपयोजने मात्र दरवर्षी फुगत जातात. दोन जीबी रॅमचा फोन पुनःस्थापनेनंतरही दोन जीबीचाच असतो. गूगलने कमी रॅमच्या यंत्रांसाठी गो नावाची हलकी आवृत्ती २०१७ मध्ये आणली. २०२२ मधील अँड्रॉइड १३ च्या गो आवृत्तीसाठी किमान रॅमची अट दोन जीबी करण्यात आली. म्हणजे २०१९ मध्ये अंगणवाडीला जेवढी रॅम मिळाली, ती तीनच वर्षांत सर्वांत हलक्या आवृत्तीच्या उंबरठ्यावर येऊन ठेपली. बॅटरी कमकुवत झाल्याने काही फोन आपला वेग आपणच कमी करतात. तो दोषही कार्यप्रणालीचा नव्हे.

तात्पर्य, सेविकांच्या फोनांपैकी जे साठवण भरल्यामुळे अडत होते, त्यांना पहिल्या क्रियेने आराम पडला असता. ज्यांची कार्यप्रणाली बिघडली होती, त्यांना दुसरीने. नव्या उपयोजनाचे वाढलेले ओझे पेलण्याचा प्रश्न मात्र यांपैकी कशानेही सुटला नसता. तिसऱ्या क्रियेने तो काही अंशी सुटणे शक्य होते. पण ती क्रिया करावयाची तर मार्गात दोन अडथळे आहेत. प्रस्तुत विषयाचे मर्म या दोन अडथळ्यांत आहे. त्यांचा फोनच्या वयाशी फारसा संबंध नाही.

पहिला अडथळा कुलपाचा. वाशिम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. वाकाटकांच्या एका शाखेची ही राजधानी, आणि त्या घराण्यातील दुसऱ्या विंध्यशक्तीचा ताम्रपट येथेच मिळाला. प्राचीन दानपत्रांचे पत्रे कडीत ओवून त्या कडीवर राजमुद्रा ठोकण्याची रीत सर्वश्रुत आहे. मुद्रा कोणीही पाहून ओळखू शके. तशी मुद्रा उठविण्याचा अधिकार मात्र एकाचाच. अंकीय स्वाक्षरीचे तत्त्व नेमके हेच आहे. फोनच्या मुख्य चिपमध्ये कारखान्यातच काही मजकूर असा जाळून टाकलेला असतो की, तो पुढे कोणालाही बदलता येत नाही. यंत्र सुरू होताच तो मजकूर बूटलोडरवरील निर्मात्याची स्वाक्षरी तपासतो. बूटलोडर कर्नलची तपासतो. कर्नल कार्यप्रणालीचा एकेक तुकडा वाचताना त्याच्या गणिती ठशाशी ताडून पाहतो. यातील शेवटची तपासणी अँड्रॉइडमध्ये २०१३ च्या ४.४ या आवृत्तीपासून उपलब्ध झाली आणि २०१६ च्या ७.० पासून कडक रीतीने अमलात आली. साखळीतील एकही दुवा जुळला नाही, तर फोन सुरू होत नाही किंवा धोक्याची सूचना दाखवितो.

ही व्यवस्था वापरणाऱ्याच्या हिताची आहे यात शंका नाही. चोराने किंवा लबाड दुकानदाराने कार्यप्रणालीत काही दडवून ठेवले तर ती ते उघडकीस आणते. परंतु तीच साखळी धन्यालाही बाहेर ठेवते. दुसरी कार्यप्रणाली बसवावयाची तर बूटलोडरचे कुलूप उघडावे लागते, आणि ते उघडू द्यायचे की नाही हे निर्माता ठरवितो. काही निर्माते विकसकांसाठीच्या सेटिंगमध्ये एक कळ ठेवून ही मुभा देतात; काही अर्ज मागवून, काही दिवस थांबवून देतात; काही अजिबात देत नाहीत. कुलूप उघडताच फोनमधील सर्व सामग्री पुसली जाते. हा बिघाड समजू नये. ती मुद्दाम केलेली योजना आहे, नाहीतर चोरलेला फोन उघडून आतील खासगी सामग्री वाचणे सोपे झाले असते. संस्थेने वाटलेल्या फोनांवर बहुधा दूरनियंत्रणाची प्रणालीही असते आणि तीत ही कळच लपविता येते. अशा वेळी सेविकेच्या हाती पहिल्या क्रियेपलीकडे काही उरत नाही. कित्येकदा तीही नाही.

दुसरा अडथळा ड्रायव्हरांचा, आणि तो अधिक अवघड. कुलूप उघडले म्हणून नवी कार्यप्रणाली आपोआप चालत नाही. कॅमेरा, रेडिओ, स्पर्शपटल, चित्रे काढणारी चिप, या प्रत्येकाशी बोलण्यासाठी विशिष्ट ड्रायव्हर लागतो. कर्नल लिनक्सवर आधारलेला असल्यामुळे त्याचा स्रोत प्रसिद्ध करणे निर्मात्यावर परवान्याने बंधनकारक आहे. सर्वच निर्माते हे बंधन वेळेवर पाळतात असे मात्र नाही. बाकीचे कित्येक ड्रायव्हर बंद स्वरूपातच मिळतात आणि ते एका विशिष्ट कर्नलशी जखडलेले असतात. चिप बनविणाऱ्या कंपनीने त्या चिपकडे पाठ फिरवली, की फोनच्या कंपनीलाही पुढची आवृत्ती देणे जड जाते, आणि स्वयंसेवकांना तर फारच. अमुक फोनवर नवी कार्यप्रणाली बसते पण कॅमेरा चालत नाही, अशी जी स्थिती वारंवार आढळते तिचे कारण हे. दुर्दैवाने अंगणवाडीच्या कामात कॅमेराच कळीचा ठरला आहे. १ जुलै २०२५ पासून घरी न्यावयाचा आहार देताना लाभार्थीचा चेहरा पोषण ट्रॅकरवर ताडून पाहणे अनिवार्य करण्यात आले. कॅमेरा मुका झालेला फोन कितीही चपळ असला, तरी त्या कामास निरुपयोगीच.

या अडचणीवर गूगलने २०१७ च्या अँड्रॉइड ८ बरोबर एक तोडगा काढला. त्याला ट्रेबल असे नाव आहे. ड्रायव्हरांचा विभाग कार्यप्रणालीपासून स्पष्टपणे वेगळा करून दोहोंमधील बोलण्याची भाषा त्यात निश्चित करण्यात आली. वरचा मजला बदलला तरी खालचा तसाच राहू शकावा, अशी ही रचना. त्यामुळे एकच सर्वसामान्य कार्यप्रणाली अनेक फोनांवर निदान सुरू तरी होऊ शकते. मात्र जे फोन आठव्या आवृत्तीसह किंवा त्यानंतर बाजारात आले, त्यांनाच हा नियम लागू झाला. सातव्या आवृत्तीसह आलेला आणि पुढे अद्ययावत झालेला फोन या कक्षेत येईलच असे नाही. यावरून एक चमत्कारिक निष्कर्ष निघतो. एकाच वर्षी, एकाच किमतीला घेतलेल्या दोन फोनांपैकी एकाला पाच वर्षांनी नवी कार्यप्रणाली बसविता येते, दुसऱ्याला येत नाही, आणि हा भेद खोक्यावर कोठेही छापलेला नसतो.

मराठी वाचकाच्या दृष्टीने आवृत्तीच्या प्रश्नाला आणखी एक पैलू आहे. मूळ अँड्रॉइडमध्ये मराठी ही फोनची भाषा म्हणून निवडण्याची सोय आली ती २०१४ मधील ५.० या आवृत्तीपासून. त्यापूर्वीच्या फोनांत काही निर्मात्यांनी स्वतः ती घातली असेल तेवढीच. जुनाट आवृत्तीत अडकलेला फोन म्हणजे पुष्कळदा इंग्रजीत अडकलेला फोन. निरोपांच्या लोकप्रिय उपयोजनांचीही तीच गत : व्हॉट्सॲपने ऑक्टोबर २०२३ मध्ये ५.० पूर्वीच्या सर्व आवृत्त्यांचा आधार काढून घेतला. उपयोजनाची भाषा हा प्रश्न वेगळा, हे सांगणे नलगे. कार्यप्रणाली मराठीत असली तरी तीवर चालणारे उपयोजन इंग्रजीत असू शकते, आणि २०२१ मधील सेविकांचा आक्षेप त्या उपयोजनाविषयी होता. तो आक्षेप कोणत्याही पुनःस्थापनेने निवारला गेला नसता.

आता धोक्यांविषयी. त्यांतील एक सर्वांपेक्षा गंभीर असल्याने त्याला अधिक जागा देतो. बाकीच्यांचा उल्लेख पुरेसा आहे.

सामग्रीचा नाश हा उघड धोका. अँड्रॉइड १० पासून नव्या फोनांतील सामग्री गूढलेखित ठेवणे अनिवार्य झाले. म्हणजे साठवणीवर जे असते ते किल्लीशिवाय निरर्थक अक्षरांचा ढीग असते, आणि रीसेट करताना प्रथम ही किल्लीच नष्ट होते. जुन्या काळी पुसलेली छायाचित्रे परत काढून देणारे कारागीर असत. अशा फोनांपुढे त्यांचे काही चालत नाही. ज्या नोंदी जाळ्याअभावी वर गेल्या नव्हत्या, त्याही कायमच्या जातात. मानोऱ्याकडील एखाद्या वस्तीवर जाळे मिळत नसेल, तर रीसेटपूर्वी फोन तालुक्याच्या गावी नेऊन नोंदी वर गेल्याची खात्री करून घेणे, ही साधी गोष्ट पंधरवड्याचे श्रम वाचविते. दुसरा धोका खात्याचा. अँड्रॉइड ५.१ पासून रीसेटनंतर फोन पूर्वीचेच गूगल खाते मागतो. खेड्यात हे खाते पुष्कळदा दुकानदाराने किंवा नात्यातील एखाद्या मुलाने उघडून दिलेले असते आणि त्याचा पासवर्ड कोणालाच ठाऊक नसतो. चोरीला आळा घालण्यासाठी केलेली ही सोय मग प्रामाणिक धन्यालाच दाराबाहेर उभे करते. तिसरा धोका मागे जाण्याचा : जुनी आवृत्ती अधिक चपळ होती म्हणून ती परत घालू गेल्यास काही फोन ती नाकारतात, आणि बळजबरी केल्यास सुरूच होत नाहीत, कारण शेवटची आवृत्ती कोणती होती हे त्यांनी सुरक्षित जागी नोंदवून ठेवलेले असते. चौथा, पैशांचा : कुलूप उघडलेल्या फोनला पैसे देण्याघेण्याची काही उपयोजने व बँका नकार देतात, कारण ती गूगलच्या सेवेमार्फत फोनची अखंडता तपासून घेतात.

गंभीर धोका आयएमईआयचा. स्वस्त फोनांत पुष्कळदा आढळणाऱ्या मीडियाटेकच्या चिपसाठी जी फ्लॅश करण्याची साधने प्रचलित आहेत, त्यांत सर्व साठवण सरसकट पुसण्याचा एक पर्याय असतो. घाईत तो निवडला गेला, की कार्यप्रणालीबरोबर आयएमईआय व रेडिओच्या जुळणीची मूल्येही पुसली जातात. फोन सुरू होतो, पण जाळे पकडत नाही. मग कारागीर कोणता तरी क्रमांक त्यात भरून देतो आणि ग्राहक समाधानाने घरी जातो. येथे तांत्रिक चूक कायद्याच्या प्रांतात शिरते. भारतात २०१७ च्या नियमांनी या क्रमांकात फेरफार करण्यास बंदी केली, आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यानेही तो तीन वर्षांपर्यंत कारावासाचा गुन्हा ठरविला आहे. शिवाय हरवलेले व चोरीचे फोन याच क्रमांकावरून रोखण्याची केंद्रीय व्यवस्था २०२३ पासून देशभर चालू आहे. दुसऱ्याचा क्रमांक भरलेला फोन कधीही बंद पडू शकतो. यावरचा उपाय अगदी साधा आहे. फोनवर तारा, हॅश, शून्य, सहा, हॅश असे दाबले की क्रमांक दिसतो. तो आधी कागदावर उतरवून घ्यावा, तो कोपरा संगणकावर जपून ठेवावा, आणि फ्लॅश करताना केवळ आवश्यक तेवढेच विभाग लिहावेत. फाईल त्याच नमुन्याची, त्याच उपप्रकाराची आहे हे पाहणे ओघानेच आले. एकाच नावाच्या फोनांत निरनिराळ्या चिपा असल्याची उदाहरणे थोडी नाहीत.

या सर्व विवेचनावरून आमचे मत असे बनले आहे की, अंगणवाडीच्या फोनांचे भवितव्य २०२१ मध्ये दुरुस्तीच्या दुकानात किंवा प्रकल्प कार्यालयात ठरले नाही. ते खरेदीच्या वेळीच ठरून गेले होते. एखादा फोन घेताना ग्राहकाच्या हाती काही नसते. लाखभर फोन एकदम घेणाऱ्याच्या हाती मात्र पुष्कळ असते. रॅम किती, पडदा केवढा, बॅटरी किती क्षमतेची, हे निविदेत असतेच. सुरक्षा-सुधारणा किती वर्षे मिळतील, मूळ कार्यप्रणालीची फाईल खरेदीदाराच्या स्वाधीन केली जाईल काय, हमी संपल्यावर बूटलोडर उघडता येईल काय, कर्नलचा स्रोत कधी मिळेल, हे चार प्रश्नही त्याच निविदेत घालता येतात, आणि त्यांसाठी फोनच्या यंत्रसामग्रीत एका पैचाही फरक करावा लागत नाही. शिवाय लाखभर फोन एकाच नमुन्याचे असणे ही दुरुस्तीच्या दृष्टीने मोठीच सोय आहे. एका फोनवर तपासून पाहिलेली पुनःस्थापना सर्वांना लागू पडते, आणि जिल्ह्याच्या ठिकाणी एक संगणक व एक प्रशिक्षित माणूस एवढ्यावर काम भागते.

अशी अट घालणे अवास्तव आहे असे कोणी म्हणेल. परंतु युरोपीय संघाने २० जून २०२५ पासून अशा प्रकारचे बंधन सर्वच विक्रेत्यांवर घातले आहे : एखाद्या नमुन्याची विक्री थांबल्यानंतरही निदान पाच वर्षे कार्यप्रणालीच्या सुधारणा उपलब्ध राहिल्या पाहिजेत. गूगलने २०२३ पासून आणि सॅमसंगने २०२४ पासून आपल्या महाग फोनांना सात वर्षांचे आश्वासन दिले आहे. महाग फोनांना, हे ध्यानात घ्यावे. ज्या वर्गातील फोन अंगणवाडीत जातात, त्यांच्या बाबतीत अशी उदारता क्वचितच दिसते. आपल्याकडे दुरुस्तीच्या हक्काविषयी केंद्र शासनाने डिसेंबर २०२२ मध्ये एक माहितीस्थळ सुरू केले. त्या चर्चेचा रोख मुख्यतः सुटे भाग व दुरुस्तीची माहितीपुस्तके यांवर राहिला आहे. बूटलोडरचे कुलूप हाही एक सुटा भागच आहे, असे मानण्यास हरकत नसावी.

विभागातील विद्यार्थ्यांना या विषयात प्रत्यक्ष काम करण्यास पुष्कळ वाव आहे, आणि त्यास खर्चही फारसा येत नाही. घरोघरी कपाटात पडून असलेले जुने फोन मिळवावेत. प्रत्येकाची चिप, रॅम, बाजारात आला तेव्हाची आवृत्ती व शेवटची मिळालेली आवृत्ती यांची नोंद करावी. आहे त्या स्थितीत फोन सुरू होण्यास लागणारा वेळ आणि साठवणीवर लिहिण्याचा वेग मोजावा. मग केवळ रीसेट करून, मग मूळ कार्यप्रणाली पुन्हा लिहून, आणि जेथे शक्य असेल तेथे नवी घालून तीच मापने घ्यावीत. खोलीचे तापमान व बॅटरीचा भार प्रत्येक वेळी सारखा ठेवणे अगत्याचे आहे. विदर्भातल्या मे महिन्यातील मापनांची डिसेंबरातील मापनांशी तुलना करण्यात अर्थ नाही. नव्या कार्यप्रणालीवर कॅमेरा, आवाज, जाळे व मराठी टंकलेखन यांपैकी काय चालले आणि काय चालले नाही, हे वेगळ्या रकान्यात लिहावे. ज्या फोनांचे कुलूप उघडलेच नाही, तेही कोष्टकातून वगळू नयेत. त्यांच्यापुढे निर्मात्याचे नाव, फोनचा नमुना आणि नकाराचे स्वरूप लिहावे : कळच नव्हती, अर्ज फेटाळला गेला, की उत्तरच आले नाही.